कच्चा कागद

"भाषण तूच करायचं," मुख्याध्यापिका पीना लाकावा म्हणाल्या आणि तळघराची किल्ली त्यांनी डोनाताच्या कॉफीच्या कपापाशी ठेवली. "तू त्यांची विद्यार्थिनी, आता त्यांच्याच जागेवर ग्रीक शिकवतेस. खाली जुने फोटो असतील, बघ. आणि जरा गोड बोल गं. पुढच्या वर्षी ग्रीक-लॅटिनला अकराच नावं आलीत. पेपरात चांगलं छापून आलं तर चारदोन आईबाप तरी इकडे वळतील."

"गोड? विज्जानी सरांबद्दल?"

"ब्याऐंशी वर्षांचे आहेत ते. ग्रंथालयाला त्यांचं नाव द्यायचंय, पुतळा नाही उभारायचा."

डोनातानं कॉफी संपवली आणि किल्ली उचलली. एर्मान्नो विज्जानींनी या डोंगरावरच्या गावात तीस वर्षं ग्रीक शिकवलं. गावातले निम्मे डॉक्टर आणि झाडून सगळे वकील त्यांच्या लाल पेन्सिलीखालून गेलेले. त्यांचं नाव निघालं की लोकांची छाती फुगायची. डोनाता मात्र एकेचाळीस वर्षं ते नाव ऐकून दातओठ खात आली होती.

तेव्हा ती सोळा वर्षांची होती. मार्च महिना, ग्रीकची परीक्षा. भाषांतराला एक उतारा, दोन तास आणि विटेएवढा जाडजूड शब्दकोश. तिची आई, इनकोरोनाता, याच शाळेत शिपाईण होती. फरशी पुसायची, घंटा द्यायची, उरलेला वेळ व्हरांड्याच्या टोकाच्या टेबलाशी बसायची. पोरं तिला मावशी म्हणायची. त्या परीक्षेत दोन पेपरांत उताऱ्यातली नेमकी तीच एक ओळ गाळलेली निघाली. एक पेपर डोनाताचा, दुसरा तिच्या मागच्या बाकावरच्या रुज्जेरो देंतिचेचा. रुज्जेरो म्हणजे गावचे सगळे दस्तऐवज ज्याच्या हातून जायचे त्या नोटरीचा मुलगा. कुणी कुणाचं पाहून लिहिलं, हे सरांनी विचारलंसुद्धा नाही. भर वर्गात म्हणाले, "शिपाईणीच्या पोरीला हे जमणं शक्य नाही." शून्य मार्क. वर्ष वाया.

आईला वर्गात बोलावलं. ती हातातल्या झाडूसकट आली, खाली मान घालून सगळं ऐकलं आणि पोरीच्या थोबाडीत मारली. पुढची सतरा वर्षं दर नाताळाला ती सरांच्या घरी चीजचा मोठा गोळा नेऊन देत राहिली. का, तर त्यांनी पोरीला शाळेतून काढून टाकलं नाही म्हणून.

"मी नाही गं केली कॉपी," डोनाता सांगायची.

"झालं ते झालं. सर काय खोटं बोलतील?"

नऊ वर्षांपूर्वी इस्पितळात, अगदी शेवटी, आई तिचा हात धरून म्हणाली, "ते मनाला लावून घेऊ नकोस हं. एखादी चूक सगळ्यांकडून होते. मी केव्हाच माफ केलंय तुला."

त्या माफीइतकं डोनाताला आयुष्यात काहीच झोंबलं नव्हतं.

या शाळेनं आजवर काही फेकलेलं नाही. तळघरात छतापर्यंत गठ्ठे. फोटो शोधता शोधता डोनाताला निळ्या कापडाच्या पट्टीनं बांधलेला एक गठ्ठा दिसला आणि ती तिथंच खाली बसली. आईचा कामावरचा निळा डगला विरला की ती त्याच्या पट्ट्या फाडून ठेवायची आणि वर्षअखेरीला सरांनी दिलेले पेपर त्या पट्ट्यांनी बांधून खाली आणायची. गाठही तिचीच होती, दोन फेऱ्यांची, घट्ट. डोनाताला ती दातांनी सोडवावी लागली.

पक्का पेपर दुमडायचा आणि कच्चा कागद त्याच्या पोटात घालून द्यायचा, ही इथली रीत. डोनाताचा कच्चा कागद खाडाखोडीनं काळा झालेला होता. मधेच कोपऱ्यात लिहिलेलं होतं: ही ओळ कळत नाही, शेवटी बघायची. आणि शेवटी ती विसरली होती. रुज्जेरोच्या पेपरात कच्चा कागदच नव्हता. एकही खाडाखोड नसलेला सुंदर अक्षरातला पेपर, आणि नेमकी तीच ओळ गायब.

डोनाताच्या त्या टिपणाखाली लाल पेन्सिलीची रेघ होती.

म्हणजे सरांनी ते वाचलं होतं. वाचून, समजून शून्य दिलं होतं. आणि ज्या कागदानं पोरगी सुटली असती तो आईनं स्वतःच्या हातांनी बांधून या अंधारात आणून ठेवला होता. आईला स्वतःची सही करण्यापुरतंच लिहिता यायचं.

समारंभ शनिवारी सकाळी होता. सभागृह भरलं. पहिल्या रांगेत, आता बापाच्या जागी नोटरी झालेला रुज्जेरो देंतिचे, ग्रंथालयाची नवी कपाटं त्याच्याच पैशांतून आलेली. विज्जानी सर शिक्षकांच्या खोलीत काठीवर हात ठेवून एकटेच बसले होते. त्यांना आणायला डोनाता गेली.

"ये," ते म्हणाले. "अजून ग्रीक शिकवतेस, की हल्लीच्या मास्तरांसारखी पडद्यावर चित्रं दाखवतेस?"

"शिकवते." तिनं दोन्ही पेपर त्यांच्यासमोर ठेवले. "हे तपासून द्या."

त्यांनी चष्मा लावला आणि सावकाश वाचलं. डोकं शाबूत होतं त्यांचं. डोनातानं तेवढीच एक काळजी केली होती.

"ही लाल रेघ कुणाची?"

"माझी."

"म्हणजे तुम्ही कच्चा कागद वाचला होता."

"नेहमी वाचायचो. खरं काम तिथंच दिसतं."

"मग?"

त्यांनी चष्मा काढला. "देंतिचेच्या पोराला शून्य दिलं असतं तर बाप दुसऱ्या दिवशी दारात. वर्षभर डोक्याला ताप. तुझी आई काही बोलणार नव्हती." शाळा किती वाजता सुटते हे सांगावं, तसं त्यांनी सांगितलं. मग खिशात हात घातला. "दहापैकी साडेसात मार्कांचं काम आहे. त्या वर्षीचं सगळ्यात चांगलं. मी आत्ता लिहून देतो, सही करतो."

"मार्क तुमच्यापाशीच ठेवा."

"मग काय हवंय?"

"दोनांतलं एक निवडा. एकतर मी हे दोन्ही कागद आत्ता माइकवरून वाचते."

"वाच. तुझ्या अकरांतली पाच तरी नावं आईबाप उद्या काढून घेतील."

"घेऊ देत. नाहीतर उठा आणि माझ्याबरोबर व्हरांड्याच्या टोकापर्यंत चला. शिपायाच्या टेबलापाशी."

सर काठी टेकत उठले. डोनातानं हात दिला नाही. चाळीसेक पावलांचा व्हरांडा त्यांना संपता संपेना. मधे दोनदा थांबले, तीही थांबली. सभागृहाची दारं उघडी होती. समोरून दोघं गेली तेव्हा लोकांना वाटलं, सरांना जुनी शाळा बघायची असेल.

टेबल तेच होतं. आताची शिपाईण मिरेल्ला लगबगीनं उठली. "सर, तुम्ही? बसा ना, बसा."

"नको," डोनाता म्हणाली. "ते उभेच राहतील. खुर्ची राहू दे तशीच."

मिरेल्ला बाजूला झाली. सर रिकाम्या खुर्चीसमोर उभे राहिले. मग मान वळवून त्यांनी हळूच विचारलं, "नाव काय होतं तिचं?"

बावीस वर्षं तिनं यांचं टेबल पुसलं होतं. सतरा नाताळ यांनी तिचं चीज खाल्लं होतं.

"इनकोरोनाता. इनकोरोनाता लाबेल्ला."

"इनकोरोनाताबाई," सर खुर्चीला म्हणाले, "तुमच्या मुलीनं कॉपी केली नव्हती."

"मोठ्यानं बोला. रोज घंटा देऊन तिचा डावा कान गेला होता."

"इनकोरोनाताबाई, तुमच्या मुलीनं कॉपी केली नव्हती. मला ठाऊक होतं."

तीस वर्षं वर्ग गाजवलेला आवाज होता तो. सभागृहापर्यंत गेला. तिथली कुजबुज थांबली. पहिल्या रांगेतल्या नोटरीनं हातातली कार्यक्रमपत्रिका उघडून डोळ्यांसमोर धरली.

"बसू आता?" सरांनी विचारलं.

"माझी आई तुमच्यासमोर कधी बसली होती?"

ते बसले नाहीत. ती पुरता मिनिटभर त्यांना तसंच उभं ठेवून होती, भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत. मग म्हणाली, "चला, लोक खोळंबलेत."

भाषण तिनं चार मिनिटांत उरकलं. सरांचं ग्रीक पक्कं होतं, म्हणाली, आणि ते विद्यार्थ्यांचे कच्चे कागदसुद्धा वाचायचे. टाळ्या पडल्या. पीनाबाईंनी नंतर तिला कोपऱ्यात गाठलं. "हे गोड बोलणं झालं होय गं तुझं?" आपल्याला हलकं वाटेल अशी डोनाताची समजूत होती. तिला वाटत होतं ते एवढंच, की म्हाताऱ्याला अजून थोडं उभं ठेवायला हवं होतं.

दुपारी शाळा रिकामी झाल्यावर ती तळघरात उतरली. दोन्ही पेपर जिथले तिथे घातले, गठ्ठा सारखा केला आणि निळी पट्टी दोन फेऱ्या देऊन बांधली. सैल झाली. सोडून पुन्हा बांधली, पुन्हा सैल. तिसऱ्यांदा तिनं पट्टीचं एक टोक दातांत धरून ओढलं.

आईसारखी गाठ काही बसली नाही.