आधी समोरच्याने ठेवायचं

"सापडला चोर," फोनवाला म्हणाला आणि त्याने फोन काउंटरच्या काचेवर फिरवून बोर्डबाईंकडे केला. "तुमची बॅटरी हा खातोय."

बोर्डबाईंनी कपाळावरचा चष्मा नाकावर आणला. पडद्यावर एकाखाली एक पट्टे होते. सगळ्यांत लांब पट्ट्याशेजारी खेळाचं चित्र.

"अहो, पण मी खेळते ती जेवण झाल्यावर जरा वेळ."

"तुम्ही खेळत नसता तेव्हाही हा जागाच. खेळाचा दोष नाही. ही खेळाची मंडळी, म्हणजे खेळणाऱ्यांना जोडून देणारं वेगळं अ‍ॅप. फोनमध्ये आतच बसवून देतात. कोण आलं, कोण गेलं, कुणाची चाल झाली, कुणाला कुणाशी जोडायचं, दिवसभर हेच उद्योग. फोन म्हातारा झाला, आता झेपत नाही त्याला."

"म्हणजे आत एक ऑपरेटर बसलीय."

"तसंच म्हणा."

"आणि तिला घरी पाठवायची म्हणताय."

फोनवाला खळखळून हसला. बोर्डबाई हसल्या नाहीत.

"आधी दातेरी चाकाचं चित्र दाबायचं," तो समजावू लागला.

बोर्डबाई हे काही आईवडिलांनी ठेवलेलं नाव नव्हे. सरकारी रुग्णालयात जिन्याखाली एक खोली होती, खोलीत टेलिफोनचा बोर्ड होता आणि बोर्डापुढे त्या होत्या. एवढ्यावरून पडलेलं नाव. डॉक्टर बदलले, वॉर्डांचे नंबर बदलले, बोर्ड तर तीनदा बदलला. बाई आणि नाव मात्र तिथेच. कोण कुठल्या वॉर्डात, कुठल्या डॉक्टरला जेवताना फोन दिलेला खपत नाही, सगळं त्यांच्या जिभेवर. हल्ली तिथे रेकॉर्ड केलेली बाई बोलते. एक दाबा, दोन दाबा. "माझ्याहून गोड बोलते," बोर्डबाई म्हणायच्या, "पण मेली ऐकत नाही कुणाचं."

पहिल्याच आठवड्यात मोठ्या ऑपरेटरबाईंनी त्यांना एक गोष्ट शिकवली होती. फोन आपण आधी ठेवायचा नाही. रुग्णालयात फोन करणारा माणूस घाबरलेला असतो. बोलणं संपलं असं आपल्याला वाटतं, त्याचं एक वाक्य घशात अडकलेलं असतं. ते बाहेर येईपर्यंत थांबायचं. आधी समोरच्याने ठेवायचं, मग आपण. आणि लाइन तोडायचीच झाली तर सांगून तोडायची.

बोर्डबाईंनी हे इतकं मनावर घेतलं की घरीदारीही त्यांनी कधी आधी फोन ठेवला नाही. लग्नाचं बोलणं चालू होतं त्या मुलानेसुद्धा शेवटचा फोन स्वतःच ठेवला होता. तो ठेवल्यावरही त्या थोडा वेळ कानाला लावून बसल्या होत्या. पण ती गोष्ट वेगळी.

"मग खाली खाली जायचं."

फोन भाचीचा, तिने नवा घेतल्यावर आत्याकडे आलेला. येताना खेळासकट आला. खेळ साधा, शाळेत वहीच्या मागच्या पानावर खेळतात तो. ठिपके मांडलेले. एका चालीत दोन ठिपके रेघेने जोडायचे. ज्याच्या रेघेने चौकट पुरी होईल, चौकट त्याची आणि पुढची चालही त्याचीच. जन्मभर माणसं जोडल्यावर ठिपके जोडणं काय अवघड? भाचीने खेळातलं नावही घालून दिलं होतं: 'आत्या'.

समोर नुसती अनोळखी माणसं. आली, गेली. नवे फोन घेत गेली, आणि नव्या फोनात हा खेळ येतच नाही. शेवटी एकच राहिलं. त्याचं नाव 'तिसरा मजला'.

बाई की बुवा, ठाऊक नाही. म्हातारं की तरणं, तेही नाही. या खेळात बोलता येत नाही, लिहिता येत नाही. चाल करायची आणि वाट बघायची. मग फोन टुणकन वाजायचा आणि पडद्यावर अक्षरं यायची: 'तिसरा मजला यांनी चाल केली. आता तुमची पाळी.'

आता तुमची पाळी. हे वाक्य घरात दुसरं कोण म्हणणार होतं?

दुपारी भांडं विसळून पालथं घातलं की बोर्डबाई खिडकीशी बसायच्या. तिसरा मजला कधी भरभर खेळायचा, कधी एका रेघेला दुपार घालवायचा. मग या आपल्या तर्क करत. लिफ्ट बंद पडली असेल. पाहुणे आले असतील. पाहुणे कसले, माझ्यासारखंच असणार, डोळा लागला असेल.

"खाली जाताना मधे काही दाबायचं नाही."

पण मधे एक गोष्ट घडली होती, आणि तिच्याचमुळे त्या दुकानात आल्या होत्या.

दादा, म्हणजे त्यांचा थोरला भाऊ, गावाबाहेरच्या वृद्धाश्रमात राहतो. मागच्या आठवड्यात तो न्हाणीघरात घसरला. उजवं मनगट मोडलं. तिथल्या सिस्टरने पहिला फोन बोर्डबाईंना लावला. बंद. पुन्हा लावला, बंद. शेवटी परगावी भाचीला लावला. तोवर दादा मोडका हात मांडीवर घेऊन खुर्चीत बसून होता. गाडीत बसायला तयार नव्हता. "तिला लावा," एवढंच म्हणत होता. "ती उचलते. तिने उचलला नाही असं होत नाही."

त्या वेळी बोर्डबाई खिडकीशी होत्या. फोन नुकताच विझला होता. चौकटी पुऱ्या करता करता.

"आत्या, फोन का बंद होता?" भाचीने रात्री विचारलं.

"जुना झालाय गं."

"सकाळी चार्ज केला नव्हतास?"

"केला होता की."

"मग दुपारपर्यंत संपतो कसा? करतेस काय त्याच्यावर?"

"काय करणार? पडलेला असतो."

दादाला भेटायला गेल्या तेव्हा तो प्लास्टरचा हात उशीवर ठेवून बसला होता. रागावला असता तर बरं झालं असतं.

"काय बोर्डबाई," तो म्हणाला, "सगळ्या गावाच्या लाइनी जोडल्यास आणि स्वतःचीच एंगेज?"

"बॅटरी गेली होती रे दादा."

"बॅटरी माझीही गेलीय. मी बंद असतो का?" मग खिडकीकडे बघत, जरा हळू, "नाही, म्हटलं, तुला काही झालं की काय."

"तिथे त्या मंडळींचं नाव दिसेल. त्यापुढे हिरवं बटण. ते डावीकडे ढकलायचं. झालं."

"एवढंच?" बोर्डबाईंनी विचारलं.

"एवढंच. द्या, आत्ता करून देतो."

"थांबा." त्यांनी फोन उचलून पर्सच्या तोंडाशी धरला. "समोरच्याला कळेल?"

"कोण समोरचा?"

"खेळणारा. त्याला काही निरोप जाईल, की यांनी बंद केलंय वगैरे?"

"नाही हो. त्याच्याकडे आपलं तुमची वाट बघतोय असंच दिसत राहील."

"किती दिवस?"

फोनवाल्याने खांदे उडवले.

"आणि पुन्हा चालू केलं तर?"

"चालू होईल, पण जोडलेली माणसं गेलेली असतील. नव्याने जोडायची सोय कंपनीने केव्हाच बंद केलीय. बॅटरीही या मॉडेलची आता येत नाही. नवा घ्या बाई, किती दिवस याला औषधं देणार?"

"घरी जाऊन करते," बोर्डबाई म्हणाल्या. "सांगून करते."

कुणाला सांगून, हे फोनवाल्याला काही उमगलं नाही.

घरी.

सांगणार कसं? खेळात बोलायची सोयच नव्हती. बोर्डबाईंनी सगळी बटणं दाबून पाहिली. आणि मग लक्षात आलं की एक गोष्ट समोरच्याला दिसते. नाव.

त्यांनी 'आत्या' पुसलं आणि लिहिलं: 'माझा फोन बिघडत असल्यामुळे नाइलाजाने.' नावाची जागा 'माझा फोन बिघडत असल्या' इथेच संपली. पुसलं. 'क्षमस्व, यापुढे मला'. पुसलं. जिन्याखालच्या खोलीत त्यांनी मरणाच्या बातम्यासुद्धा दोन शब्दांत पोचवल्या होत्या. आणि आज एवढंसं वाक्य बसेना. शेवटी लिहिलं: 'खेळ बंद करतेय'. रेघ ओढली आणि फोन मांडीवर घेऊन बसल्या.

टुणकन वाजलं. 'तिसरा मजला यांनी चाल केली. आता तुमची पाळी.'

पाहिलंच नाही की काय! दुसऱ्या दिवशीही नुसती चाल. बोर्डबाईंना राग आला, मग रागाचं हसू आलं. आपण तरी गेल्या कित्येक दिवसांत त्याचं नाव नीट वाचलं होतं का? नजर जाते ती रेघेवर.

तिसऱ्या दुपारी फोन वाजला आणि अक्षरं वेगळी होती.

'का? यांनी चाल केली. आता तुमची पाळी.'

बोर्डबाई खुर्चीतून उठल्या, उगाच स्वयंपाकघरात जाऊन आल्या, पुन्हा बसल्या.

मग हे सुरू झालं. एक रेघ, एक नाव. एक रेघ, एक नाव.

'भावाचा फोन लागत नाही'.

'बरे आहेत का ते?'

'हात मोडलाय'.

'माझा पाय'.

एवढ्या दिवसांचा तिसरा मजला असा एका शब्दात उघडला. लिफ्ट नसावी. जिना असावा. बोर्डबाईंनी लिहिलं, 'कधीपासून?' पलीकडून चाल आली, नाव मात्र तेच राहिलं. 'माझा पाय'. तेव्हा त्यांनी पुन्हा विचारलं नाही. बोर्डावर बसणाऱ्या माणसाला गप्प बसणंही ऐकू येतं.

त्यांनी विचारलं, 'जेवण कोण देतं?' उत्तर आलं, 'डबा. बरा असतो.' त्या दुपारी बॅटरी अशी लाल झाली की चार्जरची वायर खिडकीपर्यंत ओढून, भिंतीला टेकून, उभ्यानेच त्यांनी चाल केली. भाचीचा फोन आला.

"आत्या, केलंस का ते बंद? दुकानात गेली होतीस ना?"

"केलं गं."

खोटं बोलल्या. आणि बोलता बोलता फोन विझला. भाचीचं वाक्य अर्धंच राहिलं. आयुष्यात पहिल्यांदा लाइन त्यांच्या बाजूने तुटली होती.

चार्ज चढेपर्यंत बोर्डबाई काळ्या पडद्याकडे बघत बसल्या. त्यांना दादा खुर्चीत मोडका हात घेऊन बसलेला दिसला, तो दिसणारच होता. पण त्याआधी त्यांना ती सिस्टर दिसली. पुन्हा पुन्हा नंबर लावणारी आणि पलीकडे कुणीच नसणारी. अशा माणसासाठी तर त्यांनी सगळी नोकरी केली होती.

फोन उजळल्यावर त्यांनी आधी भाचीला फोन केला, बॅटरी गेली म्हणून सांगितलं. खोटं बोलले, आज करते, हेही सांगितलं. मग खेळ उघडला. पट जवळजवळ भरला होता. उरलेल्या चौकटी एका ओळीत, साखळीसारख्या, आणि कुठेही रेघ ओढली तरी सगळ्या समोरच्यालाच जाणार. असा पट आला की बोर्डबाई एरवी चरफडायच्या. आज त्यांनी नाव बदललं: 'आज बंद. तुम्ही ठेवा'. आणि रेघ ओढली.

पलीकडून सगळ्या चौकटी एकामागून एक भरल्या. सावकाश. प्रत्येक चौकटीनंतर जरा थांबून. डाव संपला. तिसरा मजला जिंकला.

आता पलीकडून नवा डाव मांडला नाही की झालं. समोरच्याने ठेवलं असं समजता येईल.

टुणकन वाजलं नाही. वाट बघितली. मग पलीकडचं नाव बदललं.

'आधी तुम्ही ठेवा'.

बोर्डबाईंनी ते वाचलं. चष्मा पुसला, पुन्हा वाचलं. त्यांना असं कुणी कधी म्हटलं नव्हतं. तिथे वर, जिना न उतरणारं कुणीतरी फोन हातात धरून बसलं होतं, बोर्डबाई बसायच्या तसं.

"विचारेल, नक्की का? हो म्हणायचं," फोनवाल्याने निघताना सांगितलं होतं.

चाकाचं चित्र. खाली. अजून खाली. हिरवं बटण.

"ठेवते हं," बोर्डबाई रिकाम्या खोलीत म्हणाल्या. फोनवर बोलायच्या त्याच आवाजात, स्वच्छ आणि जरा वरच्या पट्टीत.

फोनने विचारलं, नक्की का?

त्या थांबल्या. घशात अडकलेलं एखादं वाक्य असतं, त्यासाठी थांबतात तेवढ्याच. मग हो म्हटलं.

नंतर

दुसऱ्या दिवशी दुपारी भांडं पालथं घालून त्या खिडकीशी बसल्या. फोन मांडीवर होता. बॅटरी सकाळी होती जवळजवळ तेवढीच. खाणारं कुणी नव्हतं.

मग त्यांनी दादाला लावला.

"लागला!" दादा म्हणाला. "बोर्डबाई, सुधारलात."

"जेवलास?"

"चमच्याने जेवलो. डाव्या हाताने. निम्मं सदऱ्याने खाल्लं."

थोडं प्लास्टरच्या खाजेवर बोलणं झालं, थोडं शेजारच्या खाटेवरच्या घोरणाऱ्यावर. मग दादा म्हणाला, "बरं, ठेवतो," आणि त्या थांबल्या.

तो ठेवत नव्हता. डाव्या अंगठ्याला ते बटण सापडत नसावं. काहीतरी घासल्यासारखा आवाज आला, "हे मेलं कुठेय," असं आपल्याशीच पुटपुटला, आणि मग बहुतेक फोन तसाच उशीवर टाकून दिला. पलीकडून त्याच्या खोलीतला पंखा ऐकू येऊ लागला. कुणाची तरी ट्रॉली गेली. दादा खोकला, कूस बदलली.

बोर्डबाईंनी फोनचा आवाज मोठा केला आणि तो खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला. पंख्याचा आवाज चालू राहिला. थोड्या वेळाने दादा घोरायला लागला.

बॅटरी भरपूर होती. त्या बसून राहिल्या.