चारच्या वर नाही

शहरात गाडी शिकणारा प्रत्येक जण एकाच माणसाला घाबरायचा, आणि तो माणूस तिचा बाप होता. लायसन्सच्या परीक्षेला शेजारच्या सीटवर बसणारे साहेब. पाठीमागे लोक त्यांना नापाससाहेब म्हणत, आणि त्यांना ते माहीत होतं, आवडतही होतं. दहापैकी सहा मिळाले की माणूस पास. पण सहा देताना त्यांचा हात असा आखडायचा, जसे काही स्वतःच्या खिशातून द्यायचे आहेत. पोटच्या पोरीला त्यांनी चार दिले. "आरशात बघितलं नाहीस," एवढं बोलून गाडीतून उतरले आणि संध्याकाळी जेवताना त्या विषयावर चकार शब्द काढला नाही.

पुढे ते रजेवर असताना तिनं दुसऱ्या साहेबांकडून लायसन्स काढलं. आता ती औषधांच्या दुकानांना माल पोचवणारी व्हॅन चालवते. त्या व्हॅनमध्ये बापानं कधी पाय ठेवला नव्हता. आज ठेवला, कारण बसथांब्यापर्यंत चालण्याइतका श्वास त्यांच्याजवळ उरला नव्हता.

"सिग्नल," वळणावर ते म्हणाले. मग थांबले, खांदे वर ओढून हवा आत घेतली. "उशिरा दिलास."

"श्वास वाचवा," ती म्हणाली. "दवाखान्यात लागेल."

दोघांचा छत्तीसचा आकडा होता, पण तो लायसन्सपायी नव्हता. चार गुणांसाठी आयुष्यभर बापाला पाण्यात पाहणारी मुलगी म्हणजे येडीच म्हणायची. तिचा राग आईचा होता.

आईचीही छातीच गेली होती. शेवटी शेवटी ती पलंगावर बसूनच असायची, पुढे उशी घेऊन, तोंड उघडं. बोलणं संपलेलं. नर्स एक तक्ता घेऊन आली होती, ज्यावर शून्यापासून दहापर्यंत आकडे असतात. शून्य म्हणजे धाप नाही आणि दहा म्हणजे आता सहन होत नाही. आईला बोलता येईना म्हणून नर्सनं नवऱ्याला विचारलं. मुलगी थर्मास घेऊन दारातच उभी होती. बाप पलंगाकडे बघून म्हणाला, "चार." चारला जेवढं औषध असतं तेवढंच आईला मिळालं. दुसऱ्या दिवशी ती गेली, आणि जाईपर्यंत हवेसाठी भांडत गेली.

त्यानंतर मुलगी बापाशी कामापुरतंच बोलायची. जेवायला वाढलंय. गोळी घ्या. दार लावून घ्या.

छातीच्या दवाखान्यातली खोली अरुंद होती. खिडकीची कडी तुटलेली, म्हणून दोरीनं बांधलेली. बाहेरच्या बोळात जमिनीवर पिवळी पट्टी चिकटवली होती आणि तिच्यावरून रुग्णांना चालवून आणत. नापाससाहेब चालून परत आले तेव्हा भिंतीचा कठडा त्यांनी दोन्ही हातांनी धरला होता. ओठ राखेच्या रंगाचे, मानेच्या शिरा दोरखंडासारख्या.

"बसा काका," नर्स म्हणाली. तिनं तक्ता त्यांच्यासमोर धरला. "आत्ता धाप किती वाटतेय? आकड्यावर बोट ठेवा."

त्यांनी तीनवर बोट ठेवलं.

नर्सनं बोटाला लावलेल्या यंत्राकडे पाहिलं. "यंत्र तर ठीक म्हणतंय. पण काका, यंत्राला फक्त रक्तातली हवा कळते. धाप किती लागते ते तुम्हालाच ठाऊक. डॉक्टर धाप कमी करणारे थेंब द्यायचे की नाही, किती द्यायचे, ते याच्यावरनं ठरवतात. नीट विचार करून सांगा."

"तीन," ते म्हणाले.

"तीनला थेंब नाहीत. महिन्यानं या म्हणतील."

मुलगी एवढा वेळ भिंतीला टेकून उभी होती. ती पुढे आली. "सिस्टर, यांना बुटाची नाडी बांधता येत नाही. अंघोळीनंतर टॉवेल खांद्यावर तसाच राहतो, पुसायला दम नसतो. आणि हे तीन म्हणतायत. यांच्या तोंडून मोठा आकडा निघत नाही. उभ्या जन्मात निघालेला नाही."

"तू... मध्ये..."

"मी मध्ये बोलणारच. महिनाभर ती घरघर मी ऐकायची, आणि तुमची ऐट सांभाळायची? सांगा ना खरं. इथं कुणी तुम्हाला नापास करत नाही."

त्यांनी तिच्याकडे पाहिलं. नाकावर माशी बसू न देणारा तो माणूस क्षणभर कुठेतरी गेला. मग एकेक शब्द करून बोलायला लागला.

"चारच्या... वर... नाही."

"का नाही?"

"तिला... चार... दिले. मी." हवा घेतली. "मी... जास्त... कसे... घेऊ?"

नर्सला अर्थ लागला नाही. मुलीला लागला, आणि लागल्यामुळे ती जास्तच चिडली. एवढी वर्षं त्यांना ठाऊक होतं तर.

"तेव्हा का म्हणालात चार?" तिनं विचारलं.

"सवय," ते म्हणाले.

एवढ्यानंच त्यांची उरलीसुरली हवा संपली. ते पुढे वाकले, हात गुडघ्यांवर रोवले, आणि छातीतून शिट्टीसारखा आवाज यायला लागला. नर्सनं पाठीमागे उशी दिली, पंखा तोंडावर वळवला, डॉक्टरांना हाक मारली. मग तक्ता घेऊन ती मुलीकडे वळली.

"ताई, यांना आता बोलवत नाहीये. तुम्ही घरात असता, तुम्हाला दिसतं. तुम्ही सांगा, किती?"

बापानं मान वर केली. गुडघ्यावरचा हात उचलला आणि चार बोटं दाखवली.

चार हा शब्द तिच्या जिभेवर आलाच होता. मनात घोकून ठेवलेलाच तो. एकच शब्द, आणि आईचा सगळा हिशेब चुकता झाला असता. कुणी तिला दोषही दिला नसता. रुग्ण स्वतः तेच सांगत होता. तिला ते म्हणायचं होतं, अगदी मनापासून म्हणायचं होतं. पण समोरचं उघडं तोंड आईच्या तोंडासारखंच उघडं होतं आणि तिला दुसरीकडे बघता येईना.

"नऊ," ती म्हणाली.

त्यांनी जोरानं मान हलवली. चार बोटं तशीच वर होती.

"हात खाली घ्या," ती म्हणाली. "नऊ आहेत. आईचेही नऊच होते, आणि ते तुम्हाला दिसत होतं."

हात खाली गेला. डॉक्टर आले, त्यांनी पाहिलं आणि जिभेवर थेंब दिले. मग वाट बघण्याचं काम उरलं. ती खिडकीजवळ उभी राहिली, ते खुर्चीत. शिट्टी हळूहळू बारीक झाली. खांदे कानांपासून खाली आले. ओठांना रंग चढला. बोटांची पकड सुटली आणि त्यांनी पाठ टेकली, कित्येक महिन्यांत पहिल्यांदा.

ते छताकडे बघत होते. बोलले तेव्हा वाक्य एकाच श्वासात पुरं झालं, मध्ये कुठे तुटलं नाही.

"एवढ्यानं तिलाही बरं वाटलं असतं."

"हो," ती म्हणाली.