राहून गेलेलं वय

भागाबाईंनी तान्ह्या नातवाला उचलून सरळ विमलाबाईंच्या मांडीवर ठेवलं आणि पदराने कपाळ पुसलं. त्यांची सून जिजा दाराशीच उभी होती. वय असेल पंधरा-सोळा. नजर बाहेर अंगणात धावणाऱ्या मुलींकडे.

आर्वीच्या महिला केंद्रात विमलाबाई घरोघरची दुखणी ऐकत, सल्ला देत. भागाबाईंचं गाऱ्हाणं असं, की सून लेकराला पाजते, खाली टाकते आणि गल्लीतल्या पोरींत सागरगोटे खेळायला पळते. लेकरू रडून रडून निळं पडतं. मांत्रिक झाला, नवस झाले. आता पेरणी झाली की तिला माहेरी धाडायचं आणि लेकरू ठेवून घ्यायचं, असं घरात ठरलं होतं.

प्रत्येक वयाचं एक काम असतं आणि ते राहून गेलं तर पुढच्या वयात वाट अडवून बसतं, असं विमलाबाई मुंबईला शिकून आल्या होत्या. तिथे फळ्यावर ते फार सोपं वाटलं होतं. भागाबाईंना त्यांनी आपल्या शब्दांत समजावलं. हिला वारं लागलेलं नाही, हिचं पोरपण राहिलंय. रोज दुपारी बाळ तुम्ही सांभाळा, तिला खेळू द्या. मन भरलं की ती आपणहून लेकराकडे वळेल.

भागाबाईंनी दाराशी उभ्या सुनेकडे पाहिलं.

“मी तं परकरातच या घरी आली, बाई. मले कोनं खेळू देल्लं?”

 विमलाबाईंनी बाळाच्या अंगावरचं फडकं उगाच नीट केलं.

“श्रावणापर्यंत पाहा,” त्या म्हणाल्या. “मग तुम्हाला वाटेल ते करा.”

भागाबाई नातवाला घेऊन उठल्या. हो म्हणाल्या नाहीत, नाहीही म्हणाल्या नाहीत.

नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी विमलाबाई भागाबाईंच्या गावी गेल्या. जिजा घरात नसली तर, हे वाटभर मनात होतं. दाराला बाहेरून कडी होती. शेजारणीने घरामागच्या निंबाकडे बोट दाखवलं.

निंबाला झोका बांधला होता. जिजा त्याच्यामागे उभी होती. कडेवरचं बाळ तिच्या गळ्यातले मणी चघळत होतं आणि मोकळ्या हाताने ती झोका ढकलत होती. झोक्यावर भागाबाई होत्या. पदर खांद्यावर घसरलेला, डोळे मिटलेले.

विमलाबाईंना पाहून जिजाचा हात थबकला.

“थांबू नको वं,” भागाबाई डोळे न उघडताच म्हणाल्या. “आनखी उंच जाऊ दे.”