लठ्ठ सैनिक

आमच्या ह्यांना एखादा माणूस पसंत पडणं सोपं नाही. मी तरी पडले होते की नाही, हे लग्नाला पस्तीस वर्षं होत आली तरी त्यांनी सांगितलेलं नाही. त्यामुळे आमची एकुलती एक लेक दासोम सेऊलहून फोनवर म्हणाली, "आई, शनिवारी उजिनला घेऊन येतेय, बाबांना भेटवायला," तेव्हा मी थेटच विचारलं.

"आणि बाबा नाही म्हणाले तर?"

"तर मी भांडणार नाही. लग्न करीनच. फक्त मग सणावाराला घरी येणं जमेलसं वाटत नाही."

हे तिने इतकं शांतपणे सांगितलं की पोरीचं ठरलंय हे मला कळून चुकलं. ती बापावर गेलीय. मी भाजीवाल्याशी भांडते, डॉक्टरशी भांडते आणि घरी येईपर्यंत विसरूनही जाते. हे दोघं भांडत नाहीत, मनात ठेवतात, आणि एकदा ठेवलं की काढत नाहीत. ह्यांच्या एका नकारासरशी माझी पोर मला वर्षानुवर्षं दिसली नसती. चुसॉकच्या सणाला ताटं मांडायची ती दोनच, एक ह्यांचं आणि एक माझं, असं डोळ्यांसमोर येऊन त्या रात्री मी जेवले नाही.

आमचे हे वॉन्जूच्या शहर बसवर ड्रायव्हर होते, गेल्या वर्षी निवृत्त झाले. दारू नाही, पत्ते नाहीत. व्यसन एकच, कॉम्प्युटरवरचा लढाईचा एक जुनापुराणा खेळ. पूर्वी डेपोसमोर एक पीसी-बांग होतं, तासावर पैसे देऊन कॉम्प्युटरवर खेळायचं दुकान. ड्यूटी सुटली की एका रांगेत बसवाले बसायचे, समोरच्या रांगेत टॅक्सीवाले, आणि तिखट रॅम्यॉन नूडल्स ओरपत एकमेकांचे तळ उद्ध्वस्त करायचे. पुढे ते पीसी-बांग बंद पडलं. आता सगळे म्हातारे शनिवारी दुपारी आपापल्या घरून, फोन स्पीकरवर टाकून लढतात. शिव्या मात्र त्याच आहेत.

ह्यांच्या साठीच्या वाढदिवसाला दासोमने नवा मॉनिटर आणला. केवढा रुंद! ठेवायला कपाट सरकवावं लागलं. बाजूंनी थोडा आत वळलेला, काळा, चकचकीत. तिने स्वतः जोडून दिला, आणि हे नुसते त्याच्यासमोर हात मागे बांधून उभे राहिले. म्हणाले, "बरा आहे." ह्यांच्या तोंडून 'बरा' म्हणजे बाकीच्यांनी फटाके उडवण्यासारखं आहे.

पण तेव्हापासून हे हरायला लागले. डेपोतला सगळ्यात पक्का खेळाडू, आणि आता फोनवरून छोन ओरडायचा, "दादा, चष्मा बदला! शत्रू तिथे आहे, तुम्ही शेजारच्या झाडावर काय गोळ्या घालताय?" छोन ह्यांच्याच हाताखाली बस शिकलेला. त्याने असं बोलावं आणि ह्यांनी ऐकून घ्यावं, हे मला बघवेना. मी ह्यांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे नेलं. तो म्हणाला, डोळे उत्तम आहेत. मी त्याच्याशी भांडून दुसऱ्याकडे नेलं. तोही तेच म्हणाला. मग मी रोज सकाळी वाटीभर ब्लूबेरी समोर ठेवायला लागले. सहा महिने हे ती मुकाट्याने खात होते.

तर शनिवारी उजिन आला. उंच, किडकिडीत, बोलण्याआधी आवंढा गिळणारा. हातात नाशपातींची पेटी, अंगात सूट, आणि बसला तो थेट जमिनीवर गुडघे टेकून. समोरच्याने "मांडी घाला" म्हणेपर्यंत तसंच बसायचं असतं. हे म्हणालेच नाहीत. पोराचे पाय बधिर झालेले मला दिसत होते, पण तो हलला नाही.

"काय करता?" ह्यांनी विचारलं.

"गेमच्या कंपनीत आहे, काका. मदतीच्या फोनवर. कुणाचा खेळ सुरू होत नाही, कुणाची स्क्रीन काळी पडते, कुणाला चित्र अर्धंच दिसतं. मी त्यांना सांगतो काय करायचं ते."

"म्हणजे दिवसभर फोनवर."

"हो, काका."

झालं. ह्यांनी घड्याळाकडे बघितलं. दासोमला वाटलं, धागा मिळाला. "बाबा, तुमचा कॉम्प्युटर दाखवा ना ह्याला. बसल्या जागी बघून देईल."

"माझ्या कॉम्प्युटरला काही झालेलं नाही," हे एकदम म्हणाले. "कुणी हात लावायचा नाही."

एवढं तोडून? मलाही नवल वाटलं. दासोमचा चेहरा उतरला. "ऐकलंस ना? हात लावू नकोस हं," ती उजिनला म्हणाली, आणि मग माझ्याकडे वळून, "आई, तिळाचं तेल संपलंय वाटतं, मी बाजारातून आणते." तेलाची नवी बाटली फळीवर होती. पण पोरीला जरा मोकळा श्वास हवा होता, म्हणून मी "हो, आण," म्हटलं.

तेवढ्यात सामन्याची वेळ झाली. हे उठून आतल्या खोलीत गेले. दारात थांबून, मागे न बघता म्हणाले, "बघायचं असेल तर बघा."

उजिन लंगडत आत गेला आणि ह्यांच्या शेजारी स्टुलावर बसला, हात मांडीवर. मी नाशपाती कापून घेऊन गेले, आणि दारातच थांबले. चोरून ऐकायचं म्हणून नाही. म्हणजे, ऐकायचं म्हणूनच.

खेळ सुरू झाला. मी ती स्क्रीन दर शनिवारी बघते, पण लक्ष देऊन त्या दिवशी पहिल्यांदा बघितली. सगळे सैनिक कसे बुटके आणि लठ्ठ, दोन्हीकडून ओढल्यासारखे, विहिरीसुद्धा लांबट. मला वाटायचं तो खेळच तसा आहे. ह्यांचा माऊस आडवा भराभरा पळत होता आणि वरखाली रांगत होता. फोनमधून छोन आणि बाकीचे कोकलत होते.

उजिन थोडा वेळ बघत राहिला. मग आवंढा गिळला. "काका, एक विचारू? खेळ बंद असताना स्क्रीनवरचं सगळं नीट दिसतं?"

"दिसतं."

"आणि खेळ फुल स्क्रीन केला की ताणलं जातं."

ह्यांनी आणखी एक गोळी झाडावर घातली.

"जुना खेळ आहे, काका. तेव्हाच्या चौकोनी स्क्रीनसाठी केलेला. आता तेवढंच चित्र ह्या सगळ्या रुंदीवर पसरतंय. म्हणून माणसं लठ्ठ, आणि म्हणूनच तुमचा नेम चुकतो. तुमचं काही चुकत नाही. एका सेटिंगचं काम आहे. चित्र मध्ये येईल, जसंच्या तसं. फक्त दोन्ही बाजू काळ्या..."

"माहीत आहे," हे म्हणाले.

"काय?"

"काळ्या दिसतात, माहीत आहे. पहिल्याच आठवड्यात छोनने फोनवरून सांगून करून घेतलं होतं. छान होतं." ह्यांची नजर स्क्रीनवरच होती. "रविवारी दासोमचा व्हिडिओ कॉल आला. तिने मागे बघितलं. म्हणाली, 'बाबा, अर्धा मॉनिटर काळा का? मी चुकीचा आणला का?' पोरीचं तोंड एवढंसं झालं. किती हौसेने आणला होता तिने. मी म्हटलं, नाही गं, तो बंद करत होतो. आणि फोन ठेवल्यावर परत ताणून टाकलं."

सहा महिने! मी ह्या माणसाला दोन दोन डॉक्टरांकडे ओढलं, ब्लूबेरी चारल्या, रात्री ह्यांच्या उशाशी बसून उगाच रडले, आणि ह्या माणसाने डोळे गेले असं जगाला वाटू दिलं, पण लेकीची वस्तू चुकली असं कुणाला वाटू दिलं नाही. हातातली नाशपातींची बशी ह्यांच्या डोक्यात घालावी की ह्यांच्या पाया पडावं, ते मला कळेना.

उजिन हळूच म्हणाला, "काका, काळं न दिसताही होईल. फुल स्क्रीन करायचंच नाही. खेळ मध्ये ठेवायचा, पूर्ण उंचीचा, बिनचौकटीच्या विंडोत. डावीकडे तुमच्या मित्रांचे मेसेज दिसतील. उजवीकडची जागा दासोमसाठी. तिचा कॉल आला की ती तिथे दिसेल, खेळ बंद करायला नको. मग एवढा रुंद मॉनिटर लागेलच."

ह्यांनी पहिल्यांदा त्याच्याकडे वळून बघितलं.

"किती वेळ लागेल?"

"वेळ नाही लागत. पण सामना संपू दे, काका. खेळ चालू असताना फुल स्क्रीन सोडली की कधीकधी स्क्रीन काळी पडते. परत येते, पण तेवढ्यात..."

"दादा! डावीकडून आले! दादा!" फोन किंचाळला.

"आत्ताच कर," हे म्हणाले.

"काका, मी सांगतो ऐका..."

"कर म्हटलं ना!"

उजिनने माऊस घेतला, दोन कळा एकदम दाबल्या, आणि स्क्रीन काळीठिक्कर पडली. नुसता आवाज येत राहिला, तोफांचा आणि मरणाऱ्या सैनिकांचा. छोन रडवेल्या आवाजात "दादा, कुठे आहात, दादा" म्हणत होता. आणि नेमकी तेव्हाच, हातात तेलाची बाटली घेऊन, दासोम माझ्या पाठीमागून खोलीत शिरली.

तिने काळी स्क्रीन बघितली. उजिनचा हात माऊसवर बघितला.

"उजिन! हात लावू नकोस म्हणून सांगितलं होतं ना तुला?"

तो धडपडत उभा राहिला. "माझं चुकलं."

"चुकलं काय चुकलं? बाबा स्वतः नको म्हणाले, मी नको म्हणाले, तरी तुला राहवलं नाही? इथे काय तू कामावर आलायस? आज! आजच्या दिवशी! तुला कळतंय का तू काय करून बसलायस?" तिचा आवाज फाटला. माझी न भांडणारी पोर भांडत होती, कारण तिला वाटलं, सगळं संपलं.

"माझं चुकलं," उजिन परत म्हणाला आणि मान खाली घालून उभा राहिला. कान लालबुंद झाले होते. एक वाक्य बोलला असता तर सुटला असता. ते वाक्य माझ्या जिभेवर आलं होतं, पण त्याने मान न उचलता माझ्याकडे असं बघितलं की मी ते गिळलं. मी! लग्नानंतर बहुधा पहिल्यांदाच.

स्क्रीन परत उजळली. चित्र मध्ये होतं, सैनिक उंच आणि सडसडीत, विहिरी गोल. फक्त सैनिक फारसे उरले नव्हते. तळ जळत होता आणि टॅक्सीवाले त्यातून आरामात फिरत होते.

हे खुर्चीतून उठले. मला वाटलं, आता चिडून बाहेर जाणार, आणि मग काही बोलणार नाहीत, आज नाही, वर्षभर नाही.

"तो नाही," हे म्हणाले. "मी करायला लावलं. तो नको म्हणत होता."

दासोम ह्यांच्याकडे वळली.

"हे चित्र सहा महिने वेडंवाकडं होतं. तुझ्या मॉनिटरच्या बाजू काळ्या दिसल्या तर तुला वाईट वाटतं, म्हणून मीच ताणून ठेवलं होतं. मॉनिटर चांगला आहे. खेळ जुना आहे. मी मघाशी हे ह्याला सांगितलं. त्याला सगळं माहीत होतं, आणि माझ्यासाठी तुझं एवढं ऐकून घेत उभा राहिला." ह्यांनी एका दमात इतकं बोललेलं मी कधी ऐकलं नव्हतं. मग घसा खाकरून म्हणाले, "जावईबापूंना असं बोलतात का कुणी?"

"कोण जावईबापू?" फोनमधून छोन म्हणाला. "दादा, तळ गेला!"

"जाऊ दे," हे म्हणाले.

दासोमने बाटली टेबलावर ठेवली, आणि हसता हसता रडायला लागली. "सहा महिने, बाबा? सहा महिने तुम्ही त्या ढब्ब्या सैनिकांशी..."

"खाऊनपिऊन सुखी होते," हे म्हणाले आणि तिच्या डोक्यावर हात ठेवला. माझेही डोळे भरून आले, आणि मी ते नाशपाती पुसायच्या फडक्याने पुसले.

उजिन अजून तसाच, मान खाली घालून उभा होता. रागावणं संपलंय हेही त्या बिचाऱ्याच्या लक्षात आलं नव्हतं. शेवटी मीच पुढे गेले.

"अरे, मान वर कर," मी म्हणाले. "जावईबापू तुलाच म्हणाले ते."