शंभर फुलं

नीती आणि धंदा एका गल्ल्यावर बसू शकत नाहीत, असं थोर लोक म्हणतात. धुळ्यात ती वर्षातून आठ दिवस बसतात. उरलेले दिवस नीती घरी असते.

मोहनलालशेठ कांदा-लसूण खात नाहीत, पाणी गाळून पितात आणि कीटकनाशकं विकतात. विसंगती विचारली की म्हणतात, "आपण विकतो. फवारतो शेतकरी." जैनांच्या पर्युषणाचे आठ दिवस मात्र औषधांच्या कपाटाला कुलूप.

यंदा चौथ्या दिवशीच पुष्पाबाई आल्या. तीन एकर कापूस, त्यात बोंडअळी.

"चार दिवस थांबा, अक्का."

"आळ्या उपास पाळतस का, शेठ? बठ्ठा कापूस खाई टाकतीन!"

समोरच्या कीटकनाशकांच्या दुकानाला कुलूप नव्हतं. पुष्पाबाईंनी तिकडे पाहिलं. शेठनीही पाहिलं.

सून चेलना तत्त्वज्ञानात एम. ए., म्हणून हिशेबाला बसवलेली. तिने काउंटरच्या काचेखालच्या सरकारी पत्रकावरून शेठचा पाण्याचा पेला उचलला. "शंभर फुलं मोजा. दहा किडकी निघाली तरच फवारा. पत्रक सहा वर्षं इथंच आहे, पप्पाजी."

गिऱ्हाईक हातचं जाऊ नये म्हणून शेठ उपाशीपोटी शेतात गेले. किडकं फूल सापडलं की ते हलकेच पानावर ठेवत. पुष्पाबाई ते हलकेच टाचेखाली घेत. शंभरात सात निघाली.

"मंग फवारा नको?"

"नको."

"तुम्ही तं दरसाल तीन डाव फवारा सांगतस!"

शेठ बांधाकडे चालू लागले. पर्युषणात मौनालाही पुण्य असतं.

पर्युषणाच्या शेवटच्या दिवशी, संवत्सरीला, ते रीतीप्रमाणे सगळ्यांची क्षमा मागतात. एरवी मोबाइलवर एक संदेश तीनशे जणांना जातो. या वेळी पुष्पाबाईंच्या दारात स्वतः जाऊन हात जोडले.

"माफी ऱ्हाऊ द्या," त्या म्हणाल्या. "दर पंधरा दिन मोजाले या."

शेठ गेले. मग शेजारच्या शेतांतूनही बोलावणी आली. कपाटाला आता कुलूप नव्हतं, पण ते उघडण्याआधी चेलना विचारायची, "मोजलीत का?" पुष्पाबाईंना हंगामात एकदाच फवारावं लागलं. कापूस घरात आला.

सर्वाधिक विक्रीबद्दलची औषध कंपनीची बँकॉकची सहल यंदा समोरच्या दुकानदाराला मिळाली.