किळस : दहापैकी दहा

आमच्या तक्त्यात चार रकाने आहेत: भय, अद्भुत, भाषा आणि किळस. प्रत्येकाला दहा गुण. किळसेचा रकाना मी सुचवला होता. माझं म्हणणं असं होतं, की माणूस घाबरल्याचं सोंग करू शकतो, पण किळस आल्याचं करू शकत नाही. ती घशाशी येते किंवा येत नाही. मोजायला सोपी.

जळगावला आमचं एक वाचक मंडळ आहे. दरवर्षी दिवाळीच्या आधी आम्ही 'वाचाव्यात अशा पंधरा अद्भुत आणि भयकथा' अशी यादी काढतो. धुळे-जळगावची बरीच वाचनालयं त्या यादीवरून कथा मागवतात. कथा कोणीही पाठवू शकतं. मुखपृष्ठावर लेखकाचं नाव-पत्ता असतो. त्यावर तनवीरभाई कागदाची पट्टी चिकटवतात आणि नंबर घालतात. बाइंडिंगचं दुकान त्यांचंच, यादीतल्या कथा तिथेच बांधल्या जातात, बैठकही तिथेच होते. वाचणारे आम्ही तिघं: तनवीरभाई, निवृत्त प्राध्यापक प्रेमराज सर आणि मी, समीक्षा. मी सूक्ष्मजीवशास्त्रात एम.एस्सी. केलं आहे आणि भुसावळला एका दूध संकलन केंद्राच्या प्रयोगशाळेत काम करते. नियम एकच: यादी लागेपर्यंत पट्टी काढायची नाही. जो काढेल तो मंडळाबाहेर.

यंदाची एकतीस नंबरची कथा मी पहिल्यांदा वाचली तेव्हा हातातला चहा तसाच ठेवला.

सातपुड्याच्या पायथ्याशी मुलींचं एक वसतिगृह. गच्चीवर सिमेंटची मोठी टाकी. त्या टाकीत एक आसरा, म्हणजे पाण्यातली भुताटकीची बाई, येऊन राहते. आधी पाण्यात काही कळत नाही. चौथ्या दिवशी पाणी गोडसर लागतं. मग नळाला बांधलेल्या फडक्यात केस अडकू लागतात, राखाडी, बोटभर लांबीचे. चहा उकळला की वास वर येतो, थंड पाण्याला येत नाही. ब्लीचिंग पावडर टाकल्यावर वास जातो म्हणावं तर उलट वाढतो, दवाखाना आणि सुकी मासळी एकत्र केल्यासारखा होतो. शेवटी गळ टाकतात. गळाला एक हात लागतो आणि वर येता येता त्याची कातडी हातमोज्यासारखी निघून पाण्यावर तरंगते. तळवा कोळशासारखा काळा, बोटं लांब, आंगठा मात्र आखूड, देवानं घाईत लावल्यासारखा. बाकीची आसरा तळाशी जाते. मुली पाणी पीत राहतात, एकेक करून तिच्या होत जातात. शेवटचं वाक्य: टाकी अजून भरलेली आहे.

मी चारही रकान्यांत दहा गुण दिले. असं मी कधीच करत नाही.

सप्टेंबरच्या पहिल्या रविवारी सकाळी बैठक झाली. प्रेमराज सरांनी कचोऱ्या आणल्या होत्या. कचोरी खात खात ते हातमोज्याचा परिच्छेद मोठ्याने वाचत होते. चिंचेची चटणी त्यांच्या आंगठ्यावरून मनगटाकडे ओघळली, ती त्यांनी चाटली आणि म्हणाले, "क्या बात है! कल्पनाशक्ती पाहा! पहिला नंबर. समीक्षा, 'का वाचावी' हे तू लिही."

यादीतल्या प्रत्येक कथेखाली आम्ही दोन ओळींत शिफारस लिहितो.

"सर, एक शंका आहे," मी म्हणाले.

"तुझी शंका म्हणजे आमची दुपार गेली," तनवीरभाई म्हणाले.

"ब्लीचिंगनं वास वाढतो, हे यांना कसं माहीत?"

"म्हणजे?"

"कल्पनेनं लिहिणारा माणूस लिहील की वास गेला. किंवा गेला नाही. वाढला असं नाही लिहिणार. पाण्यात प्रथिनं कुजत असली तरच वाढतो. ते आम्हाला दुसऱ्या वर्षाला शिकवतात. आणि वास उकळल्यावरच येतो, हेही बरोबर आहे."

"वाचलं असेल कुठेतरी," सर म्हणाले.

"आणि आंगठा?"

मी फोनवर एक फोटो शोधून दाखवला. काळ्या तोंडाच्या वानराचा पंजा. काळा तळवा, लांब बोटं, आखूड आंगठा.

"आसरा बाई असते, सर. बाईचा आंगठा आखूड कशाला असेल? ह्या माणसानं टाकीतून वानर काढलंय. अर्धं काढलंय. बाकीचं तळाशी आहे."

तनवीरभाईंनी हातातली कचोरी कागदावर ठेवली. सरांनी नाही ठेवली. ते म्हणाले, "समजा काढलं असेल. मग? कथेत अनुभव येतोच. कथा वेगळी आणि तक्रार वेगळी. गुण कथेला आहेत."

"कथेखाली तारीख आहे. चौदा ऑगस्ट. तीन आठवडे झाले. मुली तेच पाणी पीत असतील तर?"

"नुसतं 'असेल तर' म्हणून काही होत नाही. यादी लागली की पट्टी काढू, मग विचार त्यांना."

यादी लागायला सहा आठवडे होते.

सर गेल्यावर मी दुकानातच थांबले. कोपऱ्यातल्या शेगडीवर खळीचं पातेलं होतं, शेजारी पाण्याची किटली. मी शेगडी पेटवून किटली वर ठेवली. तनवीरभाई पुस्तकाचा कणा ठोकत होते, त्यांनी वर पाहिलं नाही.

"ताई, माझी खळ मैद्याची आहे," ते म्हणाले. "वाफेला दोन मिनिटांत सुटते."

"मला मंडळाबाहेर व्हावं लागेल."

"मी काही पाहिलं नाही. मी कणा बघतोय." मग ठोकणं थांबवून म्हणाले, "ही कथा मी घरी पोरीला, कहकशाला, वाचून दाखवली. दहा वर्षांची आहे. दोनदा वाचायला लावली तिनं."

पट्टीखाली लेखकाचं नाव होतं 'नवीन', चोपड्याच्या पुढच्या एका गावातल्या मुलींच्या वसतिगृहाचे अधीक्षक. गावाचं आणि संस्थेचं नाव मी इथे देत नाही.

मंगळवारी रजा काढली. पिशवीत नमुन्याच्या निर्जंतुक बाटल्या, स्पिरिटचा दिवा आणि दोन तपासणीच्या बाटल्या घेतल्या. ह्या बाटल्या साध्या असतात: आत औषध लावलेला कागद, त्यात पाणी भरायचं आणि ठेवून द्यायचं. पाण्यात विष्ठेतले किंवा कुजण्यातले जंतू असले तर ते काळं पडतं. शाळेतलं पोरही वाचू शकेल असा निकाल.

नवीन सर पन्नाशीचे, इस्त्रीच्या शर्टातले, बोलायला गोड. मी वाचक मंडळातून आले म्हटल्यावर त्यांचा चेहरा उजळला.

"बसा, बसा मॅडम! म्हणजे ती टाकीची कथा माझी हे कळलं म्हणायचं! बेबाबाई, पाणी आणा."

बेबाबाई म्हणजे तिथल्या स्वयंपाकीण. त्यांनी स्टीलचा पेला माझ्यासमोर ठेवला. ठेवताना पदर सावरायच्या निमित्तानं माझ्याकडे वाकल्या आणि ओठ न हलवता म्हणाल्या, "पेऊ नको, माय."

पाणी स्वच्छ दिसत होतं. हेच शिकवायला आम्हाला पाच वर्षं लागतात, की स्वच्छ दिसणं हा काही पुरावा नाही. मी पेला नाकाजवळ नेला. थंड होता, वास नव्हता. तळाशी एक राखाडी केस, बोटभर लांबीचा, पेल्याच्या गोलाईला चिकटून बसला होता.

घशात काहीतरी वर आलं. मी ते गिळलं. गिळल्याची अजून जास्त किळस आली.

"तुम्ही घ्या ना आधी, सर," मी पेला पुढे केला.

"नाही, माझं जारचं असतं." त्यांनी मागच्या निळ्या जारकडे बोट दाखवलं. "माझा घसा नाजूक आहे. बरं, तो हाताचा प्रसंग कसा वाटला? आंगठा आखूड! ते सुचलं तेव्हा माझ्याच अंगावर काटा आला."

"सुचलं की दिसलं?"

ते हसले. "लेखकाला दिसतंच, मॅडम."

"वानर कधी पडलं टाकीत?"

मला वाटलं, आता नाकारतील. पण त्यांच्या डोळ्यांत अजून ती कथाच होती. "जुलैच्या शेवटी. झाकण फुटलेलं आहे. आता टाकी रिकामी करायची म्हणजे तीन दिवस पाणी नाही, ऐंशी मुली, टँकर मागवा, वर कळवा, चौकशी. त्यापेक्षा ब्लीचिंग टाकलं. दोनदा टाकलं! आणि मॅडम, असा अनुभव कितीजणांना येतो? वाया जाऊ द्यायचा का?"

त्या वाक्यानंतर मला त्या खोलीतली प्रत्येक वस्तू ओशट वाटायला लागली. टेबलाची काच, खुर्चीचा हात, माझी स्वतःची बोटं. ह्याच माणसाला मी चाळीसपैकी चाळीस दिले होते. हातमोज्याचा परिच्छेद मी तीनदा वाचला होता आणि तिन्ही वेळा मला मजा आली होती. मी वाचत होते तेव्हा ऐंशी मुली ते पीत होत्या.

मी उठले. "नळ कुठे आहे?"

"कशाला?"

"तुमच्या कथेच्या टिपणासाठी वातावरण बघायचंय."

ते आनंदानं पुढे झाले. मुली शाळेत गेल्या होत्या; दोन तेवढ्या व्हरांड्यात चटईवर पाय पोटाशी घेऊन पडल्या होत्या. बेबाबाई मागून येत होत्या, आता मात्र मोठ्यानं अहिराणीत म्हणाल्या, "आठे बठ्ठ्या पोरीस्ना पोट दुखस. मी त्यास्ले किती डाव सांगं, टाकी धोवा!"

"बेबाबाई, तुम्ही भाकरीकडे बघा," नवीन सर म्हणाले.

"भाकर त्याच पानीनी शे!"

नळाला फडकं बांधलेलं होतं. मी ते सोडून पिशवीत घातलं, तोटी दिव्यानं तापवून निर्जंतुक केली, बाटल्या भरल्या. नवीन सर बघत होते. दिवा पाहूनही त्यांना कळलं नाही, बाटल्या भरल्यावर कळलं. "मॅडम, हे काय? तुम्ही परीक्षक ना?"

"पट्टी काढली, तेव्हाच नाही राहिले."

पिशवी ते हिसकावून घेतील असं वाटलं. पण बेबाबाई पिठाच्या हातांनीच आमच्या मध्ये येऊन उभ्या राहिल्या आणि इस्त्रीचा शर्ट दोन पावलं मागे सरला.

बाटली चौदा तासांत काळी झाली. डांबरासारखी काळी. मी ती खिडकीत ठेवली होती, सकाळी तिच्याकडे बघून दात घासता आले नाहीत.

प्रयोगशाळेचा अहवाल दुसऱ्या दिवशी तयार झाला. मी त्याच्यामागे एकतीस नंबरच्या कथेची प्रत जोडली, मुखपृष्ठासकट, लेखकाच्या सहीसकट. अर्जावर आमच्या यादीसारख्या दोनच ओळी लिहिल्या: 'ही कथा तालुका आरोग्य अधिकाऱ्यांनी वाचावी. कारण तिच्यात कल्पनेचं फक्त एकच आहे, ते म्हणजे आसरा.'

अर्ज दिला त्याच दिवशी अधिकाऱ्यांचा फोन आला. तरुण आवाज होता. "मॅडम, हे मी कथा म्हणून वाचायचं की तक्रार म्हणून?"

"टाकीचं झाकण काढून वाचा."

ते शुक्रवारी गेले. प्रेमराज सरांना मी स्वतःच फोन करून पट्टीचं सांगितलं. ते म्हणाले, "नियम म्हणजे नियम, समीक्षा. तुला जावं लागेल. तुझे गुणही रद्द." मग फोन ठेवता ठेवता म्हणाले, "त्या दिवशी ती कचोरी मी पूर्ण खाल्ली, नाही का?"

"हो, सर."

यादी आता चौदाची लागणार आहे. एकतीस नंबर आपल्या दुकानात बांधला जाणार नाही, असं तनवीरभाईंनी प्रेमराज सरांना सांगितलंय, आणि ह्या वेळी सरांनी वाद घातला नाही.

शुक्रवारी संध्याकाळी बेबाबाईंचा फोन आला. मागे पाणी ओतल्याचा, खराट्याचा आणि खूप मुलींचा एकदम बोलण्याचा आवाज येत होता. टँकर आला होता. व्हरांड्यातल्या त्या दोघींना सलाईन लावलं होतं, त्या आता बोलत होत्या.

"तळाले गाळ होता, माय, हाडं होती, केस होते. न् एक हात."

मी फोन दुसऱ्या कानाला धरला.

"आंगठा आखूडच शे," बेबाबाई म्हणाल्या.