एका गेम लाँचरची कैफियत

मित्रांनो, पाच वर्षं मी गप्प बसून ऐकून घेतलं. आता बोलतो. नाशिकला मखमलाबाद रोडवर अमोलभाऊंचं घर आहे, त्यांचं ठिबकच्या सामानाचं दुकान आहे आणि त्यांच्या हॉलमध्ये खिडकीशी एक कॉम्प्युटर आहे. त्या कॉम्प्युटरमध्ये राहणारा मी एक जुना गेम लाँचर आहे. लाँचर म्हणजे खेळांचा कोठीवाला. खेळ माझ्या हातून आत येतो, माझ्या यादीत त्याचं नाव चढतं आणि बाहेर जायचा तर माझ्याच हातून जायला हवा. इतकी सरळ गोष्ट आहे. पण सरळ गोष्ट सरळ करील तो माणूस कसला!

माझा जन्म परदेशातल्या कुठल्याशा ऑफिसात झाला. दिवसभर कॉफी पिणाऱ्या चार-पाच जणांनी मला लिहिलं आणि तीन कामं नेमून दिली. खेळ आणायचा, तो ताजा ठेवायचा आणि मालकानं सांगितलं की काढून टाकायचा. पहिली दोन कामं मी इमानानं केली. तिसरं काम मला कुणी धड सांगेल तर शपथ.

अमोलभाऊंनी मला आणलं ते लॉकडाउनमध्ये. दुकान बंद, वेळ जाता जात नव्हता. तेव्हा माझे काय लाड होते म्हणून सांगू! गाड्यांच्या शर्यतीचा खेळ आला, मग बंदुकांचा, मग फुटबॉलचा. एका सणाच्या सवलतीत शेतीचा खेळ फुकट मिळत होता, तोही भाऊंनी घेऊन टाकला. फुकट ते पौष्टिक. कौतुक मात्र सगळं खेळांचं. 'काय ग्राफिक्स आहेत!' असं म्हणायचे. ते ग्राफिक्स रात्रंदिवस ओढून आणणारा मी, माझ्या वाट्याला एकच वाक्य यायचं : 'हा लाँचर फार वेळ खातो राव.' पंगतीत जेवणाऱ्याचा ढेकर ऐकू येतो, वाढप्याचे पाय दिसत नाहीत.

पुढे दुकान उघडलं आणि भाऊ गायब झाले. गरज सरो, वैद्य मरो. मी कोपऱ्यात पडून कुणीही न खेळणारे खेळ ताजे ठेवत बसलो.

मग एक दिवस माझं दार उघडलं ते अमोलभाऊंच्या वडिलांसाठी. पुंजाराम आबा. उभा जन्म त्यांनी भाजीपाला पिकवला, पहाटे मार्केटला नेला. त्यांचं दीड एकर रान नव्या रस्त्यात गेलं. पैसे मिळाले, घरावर मजला चढला. आबा मात्र जिन्याच्या खालच्या पायरीवर बसून राहायला लागले. कुणी बोललं तर हं, नाही बोललं तर तेही नाही. सून मंजुषाताई, तिला हे पाहवेना. माझ्या यादीत ट्रॅक्टरचं चित्र तिला दिसलं, तिनं हाताला धरून आबांना खुर्चीवर आणून बसवलं आणि तो फुकटातला खेळ उघडून दिला.

हे सगळं मला कसं कळतं, असं तुम्ही विचाराल. मॉनिटरच्या डोक्यावर एक कॅमेरा आहे आणि कानावर एक जुना हेडफोन लटकलेला असतो. तो कॅमेरा आणि हेडफोनचा माइक बंद करायचं पाच वर्षांत कुणालाही सुचलेलं नाही. या घरात बंद करण्याच्या कामाचा एकंदरीतच आनंद आहे.

तर आबा. त्या खेळातलं शेत परदेशातलं. त्यात कांदा नाही, टोमॅटो नाही, कोथिंबिरीचं तर नावच नको. आबांनी गहू धरला. पहिला आठवडा त्यांनी ट्रॅक्टर विहिरीत घातला. नंतर मात्र हात बसला. रोज दुपारी चहा झाला की यायचे, आधी बांधाबांधानं सगळं रान चालून बघायचे आणि मगच कामाला लागायचे. चालण्याचा त्या खेळात एकही गुण मिळत नाही, तरी चालायचे. अमावस्येला पेरणी नाही म्हणजे नाही. पोळ्याच्या दिवशी आले, पाण्याच्या फवाऱ्यानं ट्रॅक्टर स्वच्छ धुतला आणि चालू न करताच उठून गेले. 'त्याला बी आज सुट्टी हे,' असं मंजुषाताईला सांगत होते. मला हसू आलं, पण वाईट नाही वाटलं. तीन वर्षांत त्यांचे माझ्याकडे सतराशे तास झाले. शर्यतीच्या खेळाला शेवटचा हात लागून आबा यायच्या आधीच वर्ष उलटलं होतं.

आता मुख्य दुखणं सांगतो. मंजुषाताईचं माहेर फूलशेती करणारं. लग्नाच्या स्टेजची फुलांची सजावट ती फार सुंदर करते. त्या सजावटीची चित्रं कॉम्प्युटरवर काढायला शिकावं म्हणून तिनं एका क्लासला नाव घातलं. सोमवारी क्लास सुरू आणि त्याआधी एक मोठं सॉफ्टवेअर आत यायला हवं. जागा बघितली तर डिस्कची पट्टी लालभडक! 'मी करतो मोकळी, दोन मिनिटांचं काम आहे,' अमोलभाऊ म्हणाले. ती दोन मिनिटं गुरुवारी सुरू झाली.

गुरुवारी त्यांनी स्क्रीनवरचे खेळांचे आयकॉन धरधरून डिलीट केले. 'गेले सगळे!' अहो, दारावरची पाटी काढली म्हणून घरातला माणूस निघून जातो का? पट्टी होती तिथंच. दुपारी आबा आले आणि चष्मा पुसून पुसून स्क्रीनकडे बघत राहिले. 'माझं रान कुठं गेलं गं?' त्यांचा आवाज इतका बारीक झाला होता की मंजुषाताई पोळ्या सोडून धावत आली. तिनं माझं दार उघडून दिलं आणि शेत जागेवर होतं.

शुक्रवारी भाऊंनी मुलीच्या बारशाचे फोटो पेनड्राइव्हवर हलवले, प्रिंटरचं सॉफ्टवेअर उडवलं, दुकानाची जुनी पत्रं पुसली. आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी. मी आतून ओरडतोय, अहो, माझ्याकडे या, माझी यादी उघडा, खेळावर उजवं बटण दाबा, तिथं स्पष्ट 'अनइन्स्टॉल' लिहिलंय! पण मला तोंड आहे कुठं? आता प्रिंटर चालेना आणि जागा मिळाली ती चिमूटभर.

शनिवारी सकाळी भाऊ खोल शिरले. शर्यतीच्या खेळाचं फोल्डर त्यांना सापडलं आणि त्यांनी ते मला न विचारता, हातानं उचलून फेकून दिलं. पट्टी निळी झाली. शिट्टी वाजवत ते दुकानात गेले.

इथं माझी चूक मी कबूल करतो. माझ्या यादीत तो खेळ अजून होता. यादीत नाव आहे आणि कोठीत माल नाही, असं दिसल्यावर मी काय समजायचं? मी समजलो, काहीतरी हरवलं. आणि मला शिकवलंय तसं, मी तो खेळ पहिल्यापासून परत आणायला घेतला. ऐंशी जीबी! दुपारी भाऊ जेवायला आले तेव्हा पट्टी पुन्हा लाल झाली होती आणि घरचं नेट रांगत होतं.

"हा परत आला? स्वतःहून?" भाऊंच्या कपाळावरची शीर दिसायला लागली. "थांब, आता लाँचरच उडवतो. मुळावरच घाव घालतो."

मित्रांनो, मी घाबरलो. माझ्यासाठी नाही. मला काढलं तर माझ्या पोटातलं सगळंच जातं, आणि आबांचं शेत त्याच कॉम्प्युटरवर, माझ्याच पोटात होतं. तशी सूचना माझ्या चौकटीत लिहिलेली असते. ती कुणी वाचत नाही. भाऊंनी मात्र रागाच्या भरात मोठ्यानं वाचली. "यासोबत सगळे गेम आणि त्यात सेव्ह केलेलं सगळं जाईल... जाऊ दे!"

मागे आबा चहाचा कप घेऊन उभे होते.

"माझं बी जाईल?"

"आबा, तो गेम आहे. खरं शेत थोडंच आहे ते?"

"गहू उभा हे त्यात. कापणीला आलाय."

"अहो आबा, मंजूचा क्लास आहे परवा..."

"क्लास व्हायलाच पायजे तिचा. मी नाय म्हणतोय का?" आबांनी कप टेबलावर ठेवला. "मला इचारलं का, एवढंच म्हणतो मी. तव्हाबी नाय इचारलं. फ्लॉवर आठ दिसांवर आला व्हता. तू रस्तेवाल्यांना रान मोकळं हे म्हणून तारीख दिली. मी बांधावर पोचलो तर जेसीबी फिरून गेलेला. पांढरेशुभ्र गड्डे, समदे मातीत. उभ्या पिकातनं काढलं मला."

अमोलभाऊंचा हात माऊसवरून खाली आला. "आबा, तेव्हा त्या सह्यांच्या गडबडीत..." एवढंच म्हणाले. आणि माझी ती चौकट त्यांनी बंद केली. तीन वर्षं ते दोघं एका ताटात जेवत होते आणि हे बोलले नव्हते, हे मला तेव्हा कळलं.

मंजुषाताई मध्ये पडली. "सोमवारी अकराला क्लास आहे. आबा, तुम्हाला किती वेळ लागेल?"

"उद्या दुपारपातुर काढतो गहू."

"मग काढा. अहो, तुम्ही पण बसा त्यांच्याबरोबर."

रविवारी सकाळी बापलेक एका कीबोर्डपुढे बसले. कापणीचं यंत्र आबा चालवत, ते भरलं की ट्रॉली भाऊ नेत. आणि काय सांगू त्यांची तऱ्हा! चार वर्षांपूर्वी शर्यतीत पहिला नंबर काढणारा हा गडी, त्यानं गव्हानं भरलेली ट्रॉली पहिल्याच फेरीला पाण्याच्या चारीत कलंडवली.

"आरं, उभ्या गव्हातनं काय घालतो! कडंनं घे, कडंनं!"

"आबा, वळतच नाहीये ती!"

"वळती. तू दम धर. लहानपणी बी असाच व्हता, बैल वळायच्या आधी कासरा वढायचा."

भाऊ हसले, मग आबाही हसले. दोन तास आरडाओरडा चालला होता. शेवटच्या कोपऱ्यातला एक पट्टा आबांनी तसाच उभा ठेवला. भाऊंनी विचारलं तर म्हणाले, पाखरांना. आता त्या खेळातली पाखरं नुसती चित्रातली, दाणा टिपत नाहीत. मग आबांनी रान नांगरून घेतलं, यंत्र धुतलं, शेडमध्ये लावलं आणि एकदा सगळ्या बांधांवरून चालून आले.

आता मंजुषाताई खुर्चीवर बसली. तिनं तडकाफडकी काही केलं नाही. माझं दार उघडलं आणि यादी नीट वाचली. शर्यत, बंदुका, फुटबॉल, तिन्ही मिळून दीडशे जीबी. आबांचं शेत नऊ. तिनं एकेका खेळावर उजवं बटण दाबलं, 'अनइन्स्टॉल' निवडलं, मी विचारलं, तिनं 'हो'वर टिचकी मारली. पाच मिनिटांत तिन्ही बाहेर आणि पट्टी निळी.

"एवढंच होतं?" अमोलभाऊ म्हणाले. हो, एवढंच होतं! गुरुवारपासून मी दुसरं काय सांगत होतो?

"आबा, झाली जागा," मंजुषाताई म्हणाली. "तुमचं शेत राहू द्या आता. खुशाल पेरा पुन्हा."

आबांनी त्या नांगरलेल्या रानावरून एकदा नजर फिरवली.

"नको. काढ ते बी."

"अहो, का पण? जागा आहे आता!"

"जागेसाठी नाय गं. रान मोकळं झालं, पाखरांचं ठेवलं, अवजारं जागेवर लागली. असं सोडायचं असतं रान. त्या फ्लॉवरातनं मी आजवर निघालोच नव्हतो. आज निघतो. कोणतं बटण, ते दाव फक्त. मी दाबतो."

तिनं दाखवलं. मी माझी नेहमीची चौकट पुढे केली आणि तिनं ती मराठीत वाचून सांगितली : नक्की काढायचं का? आबांनी उजव्या हाताची बोटं कीबोर्डला लावली, मग कपाळाला लावली. "व्हय बाबा. काढ आता," ते मला म्हणाले आणि बटण दाबलं. इतक्या वर्षांत माझ्या प्रश्नाला तोंडानं उत्तर देणारा हा पहिलाच माणूस. मी शेत काढलं. बारा सेकंद लागले. मला आयुष्यात कधी कुठल्या कामाचं इतकं ओझं वाटलं नव्हतं.

मित्रांनो, जागा सगळ्यांनाच लागते. जुनं काढल्याशिवाय नवं येत नाही, आणि काढणं हा तर माझा धंदा आहे. कोठीवाल्याला विचारा, चार अक्षरं वाचा, हे सांगून सांगून मी थकलो, तरी पुन्हा सांगतो. पण त्याच्याही आधी घरात एक आवाज द्या. ज्याला तुम्ही अडगळ म्हणताय, त्यात कुणाचं पीक उभं असेल, ते तुम्हाला कसं दिसणार? त्याला चार दिवस द्या. तो स्वतःच्या हातानं काढील.

आज सोमवार. मंजुषाताईचं सॉफ्टवेअर आत येऊन बसलंय, ती वही-पेन घेऊन तयार होतेय. माझ्याकडे आता एकही खेळ नाही, तेव्हा माझी पाळी येणार हे उघड होतं. दुकानात जाता जाता अमोलभाऊ खुर्चीवर टेकले. माऊस माझ्या नावावर आणला आणि हात थांबवून आतल्या खोलीकडे तोंड केलं.

"आबा, हा लाँचर काढतोय. तुमचं काही राहिलं नाही ना यात?"

"नाय रे," आबा आतून म्हणाले. "काढ."

आता माझी काही तक्रार नाही.